'व्हॉट्स गोइंग ऑन' ही जुनी रेकॉर्ड लोक आजही एवढ्या जिव्हाळ्याने का ऐकतात?

तुम्ही लिहिलंय की नुकतंच टर्नटेबल घेतलंय आणि जो तो सांगतोय, अमेरिकी गायक मार्विन गे यांचा १९७१ चा 'व्हॉट्स गोइंग ऑन' आधी आण. फोनवर तो ऐकून पाहिलात. गाणी गोड वाटली, पण सगळी एकसारखी, आणि पन्नास वर्षं लोकांनी जपावं असं त्यात काय आहे ते लक्षात आलं नाही. रेकॉर्डवर ऐकल्याने खरंच फरक पडतो का, असाही तुमचा प्रश्न आहे.

पडतो. पण रेकॉर्डचा आवाज 'उबदार' असतो हे जे कारण नेहमी दिलं जातं, ते मला इथे दुय्यम वाटतं. हा अल्बम नऊ गाण्यांचा नाही, दोन बाजूंचा आहे. पहिली बाजू सुमारे साडेएकोणीस मिनिटांची, दुसरी सोळा मिनिटांची. पहिल्या बाजूवरची सहा गाणी एकमेकांत विरघळतात. एक संपतं कुठे आणि दुसरं सुरू होतं कुठे, तिथे सूर थांबतच नाही. फोनवर त्याच अखंड पट्ट्याचे सहा तुकडे होतात, आणि मधला एखादा तुकडा दुसऱ्याच कुणाच्या गाण्यानंतर कानावर पडला की तो अर्धवट वाटणारच. तुम्हाला गाणी सारखी वाटली, कारण ती तशीच बांधली आहेत. चाल, ताल, कोंगाचा ठेका, व्हायोलिनांचा पडदा हे सगळं मुद्दाम पुढे-पुढे नेलंय.

मी बरीच वर्षं अमेरिकेतल्या डेट्रॉइटजवळ राहतो, गाड्यांच्या सुट्या भागांच्या उद्योगात काम करतो, आणि हा अल्बम ज्या घरातल्या स्टुडिओत मुख्यतः घडला ते घर इथून जवळ आहे. त्यामुळे थोडं सविस्तर लिहितो.

आधी पहिली बाजू. सुई ठेवली की गाण्याच्या आधी माणसं येतात. चार ओळखीचे लोक दारात भेटल्यावर जशी गलबल होते तशी: कसं काय, काय चाललंय, ये की. त्या आवाजांत डेट्रॉइट लायन्स या अमेरिकन फुटबॉल संघाचे दोन खेळाडू, लेम बार्नी आणि मेल फार, हेही आहेत. ते गे यांचे मित्र होते, आणि १९७० मध्ये गे यांनी गाणं सोडून त्याच संघात खेळायला जायचं मनावर घेतलं होतं. त्या गलबल्यावर एलाय फाँटेन यांचा सॅक्सोफोन उठतो. असं सांगतात की फाँटेन अजून नुसता हात मोकळा करत होते, आणि गे म्हणाले, हेच हवं होतं, तुमचं काम झालं. खरं वाजवणं सुरू व्हायच्या आधीची ती फुंकर जगातल्या सगळ्यात ओळखीच्या सुरुवातींपैकी एक होऊन बसली.

मग गाणं. ते आईला हाक मारतं, भावाला मारतं, बापाला मारतं. आई, तुझ्यासारख्या किती जणी रडताहेत. भाऊ, तुमच्यातले किती जण मरताहेत. ही निदर्शनाची घोषणा नाही, घरातलं बोलणं आहे. फोर टॉप्स या गायकवृंदातले रेनाल्डो बेन्सन यांनी १५ मे १९६९ रोजी बर्कलीच्या पीपल्स पार्कपाशी पोलिसांनी तरुणांवर केलेला हल्ला पाहिला आणि त्यातून या गाण्याचं बीज पडलं. बेन्सन यांच्या स्वतःच्या साथीदारांना ते नको होतं. अल क्लीव्हलंड यांच्याबरोबर त्याला आकार आला आणि शेवटी ते गे यांच्याकडे पोचलं. गे यांनी त्यात स्वतःचं घर घातलं. त्यांचा धाकटा भाऊ फ्रँकी व्हिएतनामच्या युद्धात होता. त्याने परत आल्यावर जे सांगितलं, त्याने गे हादरले होते.

म्हणूनच पहिलं गाणं मावळता-मावळता दुसरं सुरू होतं, 'व्हॉट्स हॅपनिंग ब्रदर', आणि बोलणारा आता युद्धावरून परत आलेला भाऊ असतो. तो विचारतो ते प्रश्न किती साधे आहेत. नोकऱ्या मिळताहेत का, लोक अजून नाचायला जातात का, आपला बेसबॉलचा संघ या वर्षी जिंकेल का. युद्धाबद्दल एवढं कमी बोलून युद्धाने माणसाचं काय केलं हे इतकं दाखवणारं गाणं मला दुसरं माहीत नाही. त्यापुढे 'फ्लाइंग हाय', अंमली पदार्थांच्या विळख्यात सापडलेल्या माणसाचं. बहुधा तोच भाऊ. निदान मी तरी तसंच ऐकतो, कारण सूर तुटलेला नसतो. नोकरी मिळाली नाही आणि मग हे झालं, हा मधला दुवा शब्दांत कुठेच नाही, तो फक्त गाण्यांच्या क्रमात आहे. फोनवर तुकडे झाले की नेमका तोच दुवा गळतो.

'सेव्ह द चिल्ड्रन'मध्ये गे एक ओळ बोलतात आणि लगेच तीच गातात. कीर्तनात बुवा बोलता-बोलता गाण्यात शिरतात आणि पुन्हा बोलण्यावर येतात, तसंच हे आहे, आणि मूळही तसंच आहे. गे यांचे वडील वॉशिंग्टनमध्ये पेंटेकोस्टल पंथाचे धर्मोपदेशक होते. लहानपणी मार्विन त्यांच्याच चर्चमध्ये गायला शिकले. या गाण्याच्या शेवटी आवाज चढत जातो, व्हायोलिनं चढत जातात, आणि तो सगळा ताण पावणेदोन मिनिटांच्या 'गॉड इज लव्ह'मध्ये मोकळा होतो. एवढ्याशा त्या गाण्याला एकट्याने ऐकलं तर फार वजन नाही. आधीची चौदा मिनिटं ऐकून तिथे पोचलात तर छातीवरचा दगड उतरल्यासारखं वाटतं.

बाजू संपते 'मर्सी मर्सी मी'वर. समुद्रात तेल, माशांत पारा, हवेत आणि जमिनीखाली किरणोत्सर्ग: पहिला वसुंधरा दिन साजरा होऊन जेमतेम सव्वा वर्ष झालं होतं तेव्हा हे गाणं अमेरिकेच्या लोकप्रिय यादीत चौथ्या क्रमांकावर गेलं. वाइल्ड बिल मूर यांचा टेनर सॅक्सोफोन येऊन जातो आणि मग अगदी शेवटी, शब्द संपल्यावर, इतका वेळ प्रसन्न असलेली चाल अचानक काळवंडते. काही क्षण एक अनोळखी, भीतिदायक स्वरसमूह उरतो. आणि सुई खाचेच्या शेवटाला लागते. उठून रेकॉर्ड उलटावी लागते, त्या मधल्या वेळात ते सूर डोक्यात राहतात. फोनवर त्याच क्षणी 'राइट ऑन'चा ठेका सुरू होतो आणि त्या शेवटाचा परिणाम पुसला जातो.

दुसऱ्या बाजूबद्दल मी थोडक्यात सांगतो, कारण ती मला पहिलीइतकी घट्ट वाटत नाही. 'राइट ऑन' साडेसात मिनिटांचं आहे. बासरी आणि तालवाद्यं सुंदर आहेत, पण ते जरा लांबतं. 'होली होली' प्रार्थनेसारखं संथ आहे. पुढच्याच वर्षी अरीथा फ्रँकलिन यांनी ते चर्चमध्ये गायलं आणि माझ्या मते गे यांच्यापेक्षाही उंच नेलं. पण मग 'इनर सिटी ब्लूज' येतं. बॉब बॅबिट यांच्या बेसची (मंद्र स्वरांच्या गिटारची) ती काळोखी, दबलेली चाल, आणि वर शहरातल्या गरीब काळ्या माणसाचा हिशेब: चंद्रावर यान पाठवायला पैसा आहे, आमच्यासारख्यांसाठी नाही, महागाई, कर, पोलीस. १९६७ च्या जुलैत याच डेट्रॉइटमध्ये उसळलेल्या दंगलीत ४३ माणसं मेली होती. हे गाणं त्या शहरातून आलंय. त्याच्या शेवटी पहिल्या गाण्यातली आईला मारलेली हाक परत येते, म्हणजे रेकॉर्ड पुन्हा उलटली तर सुई थेट तिथेच पडते.

आता आवाजाबद्दल. तुम्ही नीट ऐकलंत तर जाणवेल की मुख्य आवाज एक नाही. गे दोन-तीन ठिकाणांहून एकदम गातात. एक आवाज पुढे, एक जरा मागे, कधी एकाने सोडलेली ओळ दुसरा उचलतो, कधी दोघं एकमेकांना छेदतात. याचा उगम एका चुकीत आहे. गे यांनी मुख्य ओळी दोन वेगवेगळ्या पद्धतींनी गायल्या होत्या आणि त्यातली कोणती ठेवायची ते ठरवायचं होतं. ध्वनिमुद्रक केन सँड्स यांनी ऐकवताना चुकून दोन्ही एकदम वाजवल्या. गे यांना ते इतकं भावलं की त्यांनी दोन्ही ठेवल्या, आणि पुढे आयुष्यभर ही त्यांची पद्धत झाली. मला या अल्बमची खरी ओढ इथे वाटते. एक माणूस स्वतःशीच बोलतोय, स्वतःलाच समजावतोय, आणि आपण त्या खोलीत आहोत.

तो माणूस तेव्हा खचलेला होता हेही माहीत असावं. गायिका टॅमी टेरेल यांच्याबरोबर त्यांनी युगुलगीतं गायली होती. १९६७ मध्ये एका कार्यक्रमात गाता-गाता त्या गे यांच्या हातांत कोसळल्या, मेंदूत गाठ निघाली, आणि मार्च १९७० मध्ये अवघ्या चोविसाव्या वर्षी त्या गेल्या. गे यांनी रंगमंचावर जाणं सोडलं. जून १९७० मध्ये जेव्हा ते हे पहिलं गाणं मुद्रित करायला आले, तेव्हा त्यांच्याकडून अशा गाण्याची अपेक्षा कुणी केलेली नव्हती.

त्यांच्या रेकॉर्ड काढणाऱ्या मोटाउन कंपनीने तर नाहीच. बेरी गॉर्डी हे तिचे मालक, आणि गे यांच्या पत्नीचे भाऊ. त्यांनी तरुणपणी मोटारीच्या कारखान्यात जुळणीच्या साखळीवर काम केलं होतं आणि गाणीही तशीच बनवायची त्यांची पद्धत होती: गीतकार वेगळे, वादक वेगळे, गायक शेवटी, आणि दर शुक्रवारी बैठकीत पसंतीची चाचणी. वेस्ट ग्रँड बुलेव्हार्डवरच्या कंपनीच्या त्या साध्या घरात आज संग्रहालय आहे. भारतातून कुणी पाहुणे आले की मी त्यांना तिथे नेतो. काही पायऱ्या उतरून स्टुडिओ ए मध्ये जावं लागतं. छतावरून लोंबणाऱ्या तारांमुळे वादक त्याला सापांचं बीळ म्हणायचे. खोली आपल्याकडच्या दिवाणखान्याएवढी. आवाजाला घुमारा देण्यासाठी वरच्या माळ्याचा उपयोग करायचे, त्याच्याखाली उभं राहून टाळी वाजवली की तो घुमारा आजही ऐकू येतो. गॉर्डी यांना हे गाणं पसंत नव्हतं, ते बाजारात चालणार नाही असं त्यांचं मत होतं. गे यांनी सांगितलं की हे निघत नाही तोवर मी दुसरं काही गाणार नाही. जानेवारी १९७१ मध्ये ते निघालं, हातोहात खपलं, दुसऱ्या क्रमांकावर गेलं, आणि तेच गॉर्डी आता पूर्ण अल्बम मागायला लागले. मार्चमध्ये सुमारे दहा दिवसांत बाकीचं काम झालं आणि २१ मे १९७१ रोजी अल्बम दुकानात आला.

बेसबद्दल वेगळं लिहायलाच हवं. पहिल्या गाण्यात बेस वाजवलाय जेम्स जेमरसन यांनी. हा माणूस उजव्या हाताच्या तर्जनीने, एकाच बोटाने वाजवायचा आणि तारा तुटेपर्यंत बदलायचा नाही. त्या दिवशी त्यांना क्लबमधून बोलावून आणलं तेव्हा ते इतके प्यायलेले होते की स्टुलावर बसवेना, आणि त्यांनी जमिनीवर उताणं पडून वाजवलं, अशी आठवण त्या मंडळींनी सांगितली आहे. ऐकताना यावर विश्वास बसत नाही. बेस तालाला धरून ठेवतोच, शिवाय गायकाच्या प्रत्येक वाक्यानंतर उत्तरही देतो. जेमरसन आणि त्यांच्या साथीदारांनी मोटाउनची शेकडो गाणी वाजवली, पण कव्हरवर त्यांची नावं कधी छापली जात नव्हती. या अल्बमच्या कव्हरवर ती पहिल्यांदा आली. मोठं उघडणारं कव्हर, आत गाण्यांचे शब्द आणि वादकांची नावं, बाहेर जिम हेंडिन यांनी काढलेलं छायाचित्र: काळा रेनकोट, वर केलेली कॉलर, दाढी, केसांवर पाण्याचे थेंब. बारा इंचांवर तो चेहरा पाहणं आणि ती नावं वाचत ऐकणं हाही रेकॉर्ड घेण्याचं एक कारण आहे.

आता तुमच्या तांत्रिक प्रश्नाकडे. रेकॉर्ड मोजमापात डिजिटल फाइलपेक्षा सरस नसते. चरचर असते, धूळ असते. पण या अल्बमच्या बाबतीत एक गोष्ट जुळून आली आहे. खाचेत बेस कोरायला जागा लागते, कारण मंद्र स्वरांत सुईला जास्त डावीकडे-उजवीकडे हलावं लागतं. एका बाजूवर पंचवीस मिनिटं कोंबली तर खाचा जवळ-जवळ येतात आणि आवाजाची पातळी आणि बेस दोन्ही कमी करावे लागतात. इथे बाजू वीस मिनिटांच्या आतच आहेत, म्हणून जेमरसन आणि बॅबिट यांना ऐसपैस जागा मिळाली आहे.

उलट बाजूही सांगतो. मिनिटाला ३३⅓ फेरे कायम असतात, पण बाहेरच्या कडेला सुईखालून सेकंदाला सुमारे ५० सेंटिमीटर खाच जाते आणि आतल्या टोकाला जेमतेम २० सेंटिमीटर. तेवढ्याच आवाजाला निम्म्याहून कमी जागा. त्यामुळे शेवटच्या गाण्यात 'स'कार फाटू शकतात, आणि जुनी रेकॉर्ड झिजलेली असेल तर तिथेच पहिल्यांदा कळतं. तुम्ही पुण्यात आहात, मुंबईच्या चोरबाजारात किंवा कुठेही जुनी प्रत हाती आली तर सुरुवात ऐकून पसंत करू नका. 'मर्सी मर्सी मी'चा शेवट आणि 'इनर सिटी ब्लूज' ऐकवा म्हणावं. ही रेकॉर्ड लोकांनी घराघरांत झिजेपर्यंत वाजवली आहे, म्हणून १९७१ च्या अमेरिकी प्रती दिसायला चांगल्या आणि ऐकायला थकलेल्या असतात. मोटाउनच्याच टॅमला या लेबलवरची आणि टीएस-३१० या क्रमांकाची असेल तर ती मूळ मालिका, पण केवळ त्यासाठी जास्त पैसे मोजू नका.

नवीन घ्यायची असेल तर २०२२ मध्ये आलेली पन्नाशीची दोन तबकड्यांची आवृत्ती शोधा. ती केव्हिन ग्रे यांनी मूळ टेपवरून कोरली आहे आणि बेस फार स्वच्छ आहे. महाग वाटली तर साधी पुनर्मुद्रित प्रतही चालेल. सुई बरी असू द्या आणि टोनआर्मचं, म्हणजे सुई धरणाऱ्या दांड्याचं, वजन नीट लावा; त्याने प्रतीपेक्षा जास्त फरक पडतो.

ऐकायचं कसं, एवढं माझ्याकडून. पहिल्या दिवशी फक्त पहिली बाजू ऐका, शब्द समोर ठेवून. दुसऱ्या खेपेला शब्द बाजूला ठेवा आणि फक्त बेस ऐका. तिसऱ्या खेपेला मागचा, हळू आवाजातला मार्विन ऐका, पुढच्याला सोडून द्या.

आणि मन भरलं की १ मे १९७२ चा वॉशिंग्टनच्या केनेडी सेंटरमधला कार्यक्रम मिळवा. तो २००१ च्या विस्तारित सीडीत होता, नंतर स्वतंत्र रेकॉर्ड म्हणूनही निघाला. टॅमी टेरेल यांच्यानंतर रंगमंचापासून लांब राहिलेले गे स्वतःच्या गावी परत उभे राहिले होते. सुरुवातीच्या जुन्या गाण्यांच्या मालिकेनंतर त्यांनी हा अल्बम गायला, आणि आधी घेतली दुसरी बाजू: 'राइट ऑन', 'होली होली', 'इनर सिटी ब्लूज'. मग पहिली, रेकॉर्डवरच्याच क्रमाने. लोक तेव्हा अल्बममधल्या तीन गाजलेल्या गाण्यांची वाट पाहत होते, ती सुटी-सुटी गाऊन टाकणं सोपं होतं. गे यांनी मात्र बाजूच धरून गायल्या.